प्रतिसाद: काझाहून एका दिवसाची गावफेरी

हिमाचलच्या स्पिती खोऱ्यातल्या काझाहून लांगझा-हिक्किम-कोमिक ही तीन गावं एका दिवसात उरकतात, हे वरच्या लेखात म्हटलंय ते खरंच. आमचंही दुपारी तीनपर्यंत उरकलं होतं. पण मनालीहून पोचल्याच्या दुसऱ्याच दिवशी ही फेरी ठेवा, हा लेखातला सल्ला काही पटला नाही. काझा साधारण १२,००० फुटांवर, कोमिक १५,०००च्या आसपास, आणि आदल्याच दिवशी कुंझुम खिंड ओलांडलेली. हिक्किमच्या पोस्टातून घरी पत्रं टाकायची म्हणून आमच्यातल्या दोघांनी पुण्यातच मजकूर ठरवला होता. प्रत्यक्षात डोकं धरून गाडीत बसले, पत्रं मीच टाकली. सिमला-किन्नौरमार्गे कल्पा, नाको, ताबो असे मुक्काम करत गेलात तर अंगाला उंचीची सवय होते.

आणखी एक, लांगझ्यात मुलं शंखाच्या आकाराचे दगड विकायला आणतात. ते अमोनाइट या नामशेष समुद्री प्राण्याचे जीवाश्म, हिमालयाच्या आधी तिथे असलेल्या टेथिस समुद्रातले. आमचा गाईड काझाचाच. त्याने ते हातात घेऊन बघू दिले, विकत मात्र घेऊ दिले नाहीत. त्याऐवजी त्याच अंगणातल्या आजींकडून लोकरीचे मोजे घेतले. टोचतात थोडे, पण अजून वापरतोय.