ओव्हल १९४६: सरवटे-बॅनर्जींसमोरचा सरेचा कप्तान कोण? आणि हौशी कप्तान नेमायचेच का?

निमिष_ठाणे:
नमस्कार मंडळी. चंदू सरवटे आणि शुटे बॅनर्जींच्या भागीदारीबद्दल इथे बहुतेकांना ठाऊक असेलच. मे १९४६, आपला इंग्लंड दौरा, लंडनचं ओव्हल मैदान, सरे या इंग्लिश कौंटी (परगणा) संघाविरुद्धचा सामना. ९ बाद २०५ वरून आपण ४५४ पर्यंत गेलो. शेवटच्या जोडीने २४९ धावा काढल्या, सरवटे नाबाद १२४, बॅनर्जी १२१. दहा आणि अकरा नंबरच्या दोघांचीही शतकं!

मी अडकलोय ते वेगळ्याच ठिकाणी. त्या मोसमातला सरेचा कप्तान एन. एच. बेनेट. हा गृहस्थ त्याआधी सरेकडून कधी खेळला नाही आणि १९४६ नंतरही नाही. सरासरी १६ च्या आसपास. संघात आल्फ गव्हरसारखे मुरलेले लोक असताना कप्तानी याच्या हातात कशी गेली? सगळीकडे 'हौशी कप्तान' एवढंच लिहिलेलं सापडतं. पण हौशी असणं ही कप्तान होण्याची पात्रता कशी काय ठरू शकते? कुणी नीट समजावून सांगेल का?

शॉर्टलेग_दादर:
निमिष, सवडीने लिहितो, कारण हा माझा फार जिव्हाळ्याचा विषय आहे.

आधी बेनेट. क्रिकेटच्या वर्तुळात सांगितली जाते ती हकीकत अशी. युद्ध संपलं, कौंटी क्रिकेट पुन्हा सुरू व्हायचं होतं आणि सरेला कप्तान हवा होता. समितीच्या मनात होते मेजर लिओ बेनेट, लंडनच्या क्लब क्रिकेटमधले नावाजलेले खेळाडू. त्याच सुमारास मेजर निगेल बेनेट ओव्हलच्या कचेरीत आपलं सभासदत्व नव्याने घ्यायला आले आणि कप्तानीची विचारणा त्यांनाच झाली. ते हो म्हणाले. सरे त्या वर्षी अकराव्या क्रमांकावर राहिला. बेनेटांना दोष द्यावा असं मला वाटत नाही. नुकत्याच युद्धातून सुटलेल्या माणसाला कुणी ओव्हलवर कप्तान हो म्हटलं, तर तो नाही कशाला म्हणेल? खरा प्रश्न हा की नावाची गल्लत खपून जावी इतकी ती निवड खेळापासून तुटलेली का होती.

कारण असं. तिथे खेळाडूंच्या दोन जाती होत्या. व्यावसायिक म्हणजे पगारावर खेळणारा, हौशी म्हणजे पगार न घेता फक्त खर्च घेणारा. कौंटीचा कप्तान हौशीच असायचा, असा जवळजवळ सगळीकडे दंडक होता. बाजूने सांगायचे ते असं की व्यावसायिकाचं पोट समितीच्या हातात, त्यामुळे तो मोकळेपणाने निर्णय घेणार नाही, शिवाय बरोबरीच्या पोरांवर त्याचा वचक राहणार नाही. मला हे कधीच पटलेलं नाही. मुळात तो वर्गाचा प्रश्न होता. जॅक हॉब्जसारखा फलंदाज आयुष्यभर ओव्हलवर खेळला, पण सरेची कप्तानी त्याच्याकडे सोपवावी असं समितीला वाटलं नाही. वॉली हॅमंड व्यावसायिकाचा हौशी झाला, तेव्हा कुठे १९३८ साली इंग्लंडचा कप्तान झाला. खेळ तोच, माणूस तोच, फक्त पगार घेणं बंद!

आणि हौशी माणूस मिळायचा कुठून? मे ते ऑगस्ट, आठवड्याला तीन-तीन दिवसांचे दोन सामने, सगळा उन्हाळा मोकळा हवा. म्हणजे घरची शेतीवाडी तरी हवी, नाहीतर बापाचा धंदा. युद्धानंतर अशी माणसं झपाट्याने कमी झाली. म्हणून शोध घ्यायचा तो 'कोणाला वेळ आहे' याचा, 'कोणाला खेळ कळतो' याचा नव्हे. तुझ्या प्रश्नाचं थेट उत्तर एवढंच.

पण इथे थांबलो तर अन्याय होईल. याच सरेला, याच पद्धतीने, सहाच वर्षांत असा एक कप्तान मिळाला की त्याच्या तोडीचा कौंटी कप्तान मला तरी दुसरा दिसत नाही. स्टुअर्ट सरिज. १९५२ ते १९५६, पाच मोसम कप्तान आणि पाचही वर्षं सरे कौंटी चॅम्पियनशिपचा, म्हणजे कौंटी संघांच्या मोसमभराच्या स्पर्धेचा, विजेता. पाचपैकी पाच!

सरिजच्या घरचा बॅटी बनवण्याचा धंदा, त्यामुळे उन्हाळा मोकळा काढता यायचा. मध्यमगती गोलंदाज. आकडे बघशील तर नाक मुरडशील. फलंदाजीची सरासरी १३ च्या आत, बळी ५०६, कसोटी एकही नाही. पण त्याच रकान्यांच्या शेवटी झेल बघ. २६७ सामन्यांत ३७५ झेल. यष्टिरक्षक नसलेल्या माणसाचे! जिम लेकर आणि टोनी लॉक फिरकी टाकत असायचे, आणि हा उंचापुरा कप्तान फलंदाजाच्या बॅटीपासून दोन हातांवर ओणवा. हेल्मेट नाही, पॅड नाही. मी बँकेच्या संघातून मुंबईच्या कांगा लीगमध्ये शॉर्ट लेगला, फलंदाजाच्या अगदी जवळ, उभा राहायचो, म्हणून सांगतो. फलंदाजाने पाय पुढे टाकून स्वीप मारायला खांदा उघडला की पोटात जे होतं ते तिथे उभं राहिल्याशिवाय कळत नाही. तरुण पोराला तिथे पाठवणारे कप्तान पुष्कळ पाहिले. स्वतः जाऊन उभा राहणारा क्वचित. सरिज आधी स्वतः गेला, मग लॉक, मिकी स्टुअर्ट, बॅरिंग्टन भोवती आले. झेल सुटला की कसोटीवीर असो की नवखा, सगळ्यांना सारख्याच खणखणीत शिव्या. तो स्वतः सगळ्यांत जवळ उभा असायचा, म्हणून कुणी उलटून बोलू शकत नव्हतं.

आता एक सामना जरा बारकाईने सांगतो. २५ ऑगस्ट १९५४, ओव्हल, समोर वुस्टरशर. जुलैच्या अखेरीला सरे आठव्या जागी होता, तिथून एकामागून एक सामने जिंकत वर आलेला. हा सामना मारला की विजेतेपद पक्कं. पावसामुळे खेळ दुपारी सुरू झाला. खेळपट्टी उघडी, तेव्हा झाकायची पद्धत नव्हती. वुस्टरशर सर्वबाद २५. लॉकने २ धावांत ५ बळी घेतले. सरे फलंदाजीला आला, पीटर मे आणि तरुण केन बॅरिंग्टन खेळपट्टीवर. धावफलक ३ बाद ९२. आणि सरिजने डाव घोषित केला!

आघाडी जेमतेम ६७ ची, हातात सात गडी, मैदानावर इंग्लंडचा सर्वोत्तम फलंदाज. संघातलेच लोक चकित झाले. पण पावसाळ्यात आझाद मैदानावर खेळलेल्या कुणालाही विचार, तो मान डोलावेल. ओली खेळपट्टी वरून सुकायला लागते आणि खाली ओल राहते तो तास-दीड तासच गोलंदाजाचा असतो. चेंडू पडून थांबतो, एक उसळतो, पुढचा घसरतो. तो वेळ आपल्या फलंदाजांच्या शंभर-दीडशे धावांवर घालवायचा, की समोरच्याला त्यात ढकलायचं? त्यातून पाऊस परत आला तर सगळंच हातचं जाणार. सरिजने संध्याकाळीच त्यांना पुन्हा खेळायला लावलं, दिवसअखेर २ बाद १३. दुसऱ्या दिवशी सकाळी तासाभरात सर्वबाद ४०. एक डाव आणि २७ धावांनी विजय, विजेतेपद खिशात. पूर्ण सामन्यात मिळून १५७ धावा. निकाल लागलेल्या चॅम्पियनशिप सामन्यात इतक्या कमी धावा कधीच झालेल्या नाहीत.

मी हे वाचलं तेव्हा संघातल्या पोरांना डाव घोषित करण्याबद्दल किती वेळा ऐकवलं असेल! आपल्याकडे कप्तान घाबरतो तो हरायला. सरिज वेळ फुकट जायला घाबरायचा. १९५५ चा हिशोब बघ: २८ सामने, २३ विजय, ५ पराभव, अनिर्णित शून्य. इंग्लंडच्या पावसात शून्य.

क्रॉयडनकर:
फार छान लिहिलंत काका. आम्ही दक्षिण लंडनमध्येच राहतो, मुलाला घेऊन ओव्हलला जाणं होतं. एक छोटी भर. जुनी धावपत्रकं हातात आली तर नावं कशी छापली आहेत ते बघा. हौशी खेळाडूची आद्याक्षरं आडनावाच्या आधी, व्यावसायिकाची आडनावानंतर किंवा नाहीतच. कुठे कपडे बदलायच्या खोल्या वेगळ्या, कुठे मैदानावर यायची फाटकंही वेगळी. एकाच संघातली माणसं, तीच भागीदारी करणारी! हा भेद अखेर १९६२ च्या नोव्हेंबरात रद्द करायचं ठरलं आणि १९६३ चा मोसम सगळे नुसते 'क्रिकेटपटू' म्हणून खेळले. आमच्या शेजारच्या आजोबांना तो बदल आठवतो, ते म्हणतात की लोकांना वाटलं त्यापेक्षा तो फार शांतपणे झाला.

वऱ्हाडी_ऑफस्पिन:
दादरकर काकांचं कौतुक मान्य, पण मला त्या पद्धतीबद्दल इतकं मऊ होता येत नाही. आपल्याकडे त्या पद्धतीची लागण झाली तेव्हा काय झालं? १९३६ चा इंग्लंड दौरा आठवा. कप्तान विजयनगरमचे महाराजकुमार, तीन कसोटींत मिळून ३३ धावा. संघात सी. के. नायडू होते, विजय मर्चंट होते. लाला अमरनाथांना दौऱ्यातून घरी पाठवलं. त्याआधी पालवणकर बाळू. १९११ च्या दौऱ्यात शंभरावर बळी घेणारा पुण्याचा डावखुरा फिरकीपटू, आणि मुंबईच्या धर्मवार संघांच्या स्पर्धेत हिंदूंच्या संघाची कप्तानी त्यांना मिळाली नाही ती जातीमुळे. ती मिळाली धाकट्या भावाला, विठ्ठलना, १९२३ साली. हिंदूंनी ती स्पर्धा जिंकली. तिकडे वर्ग, इकडे जात आणि संस्थान. एक सरिज निघाला म्हणून किती बेनेट आणि किती महाराजकुमार माफ करायचे?

शॉर्टलेग_दादर:
माफ करा असं मी म्हणतच नाही. विठ्ठलचं नाव काढलंत ते बरं केलंत, त्या माणसावर आपल्याकडे फार कमी लिहिलं जातं. तुमचं गणित शंभर टक्के बरोबर. सरिज पद्धतीमुळे मिळाला नाही, पद्धत असूनही मिळाला. बरं, त्याच्या एकच वर्ष आधी, १९५१ ला, टॉम डॉलरीने वॉरविकशरला विजेता केलं होतं, आणि डॉलरी व्यावसायिक कप्तान. म्हणजे पगार घेणारा माणूस कप्तानी करू शकत नाही हा युक्तिवाद तेव्हाच निकालात निघाला होता. १९५२ ला लेन हटन इंग्लंडचा कप्तान झाला, तोही व्यावसायिक.

निमिष_ठाणे:
काका, मनापासून आभार. एक शंका राहिली. पीटर मे, अॅलेक बेडसर, लेकर, लॉक, लोडर एवढे लोक संघात असताना कुणीही कप्तान जिंकला नसता का? सरिजनंतरही १९५७ आणि ५८ ला मेच्या हाताखाली सरेच जिंकला ना?

शॉर्टलेग_दादर:
रास्त शंका आहे, आणि संघ जबरदस्त होता हे कुणी नाकारू नये. मेने पुढची दोन जिंकली, म्हणजे ओळीने सात झाली.

पण दोन गोष्टी बघ. पहिली म्हणजे १९५० ला सरेने लँकेशरबरोबर विजेतेपद वाटून घेतलं आणि १९५१ ला सहावा आला. बेडसर, लेकर, लॉक तेव्हाही होतेच. पुढच्याच वर्षी सरिज आला आणि सरेने १९१४ नंतर पहिल्यांदा एकट्याने विजेतेपद मिळवलं.

दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. तू घेतलेली पाचही नावं इंग्लंडची. कसोटी सुरू असतानाही कौंटीचे सामने चालूच असायचे, त्यामुळे दर उन्हाळ्यात ऐन मोसमात सरेचा कणाच काढून नेला जायचा. त्या दिवसांत राखीव पोरांना घेऊन जिंकायचं काम सरिजचं. त्याला कसोटीचं बोलावणं कधी आलं नाही, म्हणून तो सगळा उन्हाळा संघाबरोबर असायचा. राखीव पोरगा आज आला आणि कप्तान स्वतः शॉर्ट लेगला उभा, तर त्या पोराला वेगळं काही सांगावं लागत नाही.

वाचायचंच असेल तर मे १९५६ चा ऑस्ट्रेलियाविरुद्धचा ओव्हलवरचा सामना शोध. पहिल्या डावात लेकरचे ८८ धावांत १० बळी, दुसऱ्यात लॉकचे ४९ मध्ये ७, सरे दहा गडी राखून विजयी. १९१२ नंतर कुठल्याही कौंटीने ऑस्ट्रेलियाला हरवलं नव्हतं. त्याच उन्हाळ्यात पुढे लेकरने मँचेस्टरला १९ बळी घेतले, ते सगळ्यांना पाठ असतं. हा सामना मात्र मागे राहतो. धावफलक मिळाला तर इथे टाक. सरिजने लॉकला कधी आणला आणि क्षेत्ररक्षण कसं लावलं, यावर मला अजून बरंच बोलायचंय.