मदत हवी आहे: रेवो अनइन्स्टॉलरची जुनी आवृत्ती

वैतागलेला
एक प्रोग्राम जाता जात नाही. अनइन्स्टॉल दाबलं की एरर. विंडोज एक्सपीच्या काळात रेवोमध्ये (नको ते प्रोग्राम काढून टाकणारं सॉफ्टवेअर) बंदुकीच्या नेमासारखं चिन्ह होतं, ते ओढून त्या प्रोग्रामवर सोडलं की विषय संपला. तीच १.९५ हवी आहे, नवी नको. कुणाकडे असेल तर लवकर द्या.

स्क्रू_ड्रायव्हर
कुठला प्रोग्राम? कुठलं विंडोज? एरर काय येतो? १.९५ ला ६४ बिटचे, म्हणजे नव्या पद्धतीचे, प्रोग्राम दिसतच नाहीत.

वैतागलेला
विंडोज १०. प्रोग्राम कुठला याने काय फरक पडतो? लिंक आहे का?

जुनी हार्डडिस्क
रेवो कालचं पोर! आम्ही नॉर्टन क्लीनस्वीपवाले. नवीन काही टाकायला घेतलं की हा बाजूला बसून कुठली फाइल कुठे गेली ते टिपून ठेवायचा, तलाठ्यासारखा. पुढे मासिकांबरोबरच्या सीड्यांवर युअर अनइन्स्टॉलर मिळायचं. ट्रायल संपली की पुढच्या महिन्याची सीडी. काय दिवस होते!

कोकणकडा
सीसीक्लीनर हे साफसफाईचं सॉफ्टवेअर टाका आणि रजिस्ट्री, म्हणजे विंडोजची सेटिंगची नोंदवही, साफ करा. मी दर रविवारी करतो, मशीन पळतं.

स्क्रू_ड्रायव्हर
२०१७ मध्ये त्याच सीसीक्लीनरच्या ५.३३ मध्ये मालवेअर घुसला होता. आणि रजिस्ट्री झाडून वेग वाढत नाही.

कोकणकडा
माझा वाढतो.

सुगरण७४
मोबाइलमध्ये कंपनीनेच घालून दिलेली ॲप कशी काढायची? चार गेम आहेत, एकही खेळत नाही.

वैतागलेला
ताई, वेगळा धागा काढा ना.
एरर असा: नेटवर्क रिसोर्स उपलब्ध नाही, आणि कुठलीतरी एमएसआय फाइल मागतो. वायफाय तर मस्त चालू आहे!

स्क्रू_ड्रायव्हर
त्याचा वायफायशी संबंध नाही. सी ड्राइव्हवर विंडोजच्या आत इन्स्टॉलर नावाचं लपवलेलं फोल्डर असतं. त्याला हात लावलात का?

वैतागलेला
दिवाळीत रिकामं केलं. १४ जीबी खात होतं. ते सांगायचं राहिलं.

स्क्रू_ड्रायव्हर
"राहिलं"!! अहो, प्रोग्राम काढायची कृती तिथल्या त्या एमएसआय फाइलींतच असते. आता त्याच आवृत्तीचा मूळ सेटअप शोधा आणि एरर आला की ब्राउझ करून त्यातली एमएसआय दाखवा. नाहीच मिळाला तर मायक्रोसॉफ्टचा इन्स्टॉल-अनइन्स्टॉल ट्रबलशूटर चालवा.

जुनी हार्डडिस्क
त्यांचंच इन्स्टॉलर क्लीनअप युटिलिटी होतं की आधी, छोटंसं. एका क्लिकमध्ये प्रोग्रामची नोंद गायब.

स्क्रू_ड्रायव्हर
नोंदीबरोबर शेजारचे प्रोग्रामही बिघडायचे. म्हणून तर २०१० मध्ये मागे घेतलं.

वैतागलेला
सेटअपची सीडी सापडली! पण लॅपटॉपला सीडी ड्राइव्हच नाही. कुणाकडे बाहेरून जोडायचा आहे का? मी ठाण्यात.

जुनी हार्डडिस्क
डोंबिवलीला या, देतो. क्लीनस्वीपची सीडी पण दाखवतो.