मदत हवी आहे : तेजीतली बांधकामं आणि कागदावरचे कॉलम

नमस्कार मंडळी. तेजीच्या काळातल्या बांधकाम-फसवणुकीवर एक व्याख्यान तयार करतोय. उदाहरण सोलचं सामपूंग डिपार्टमेंट स्टोअर, २९ जून १९९५ रोजी कोसळलेलं, ५०२ बळी. ऐंशीच्या दशकात तिथे बांधकामाला उधाण आलं होतं, त्यात ही इमारत उभी राहिली. चार मजली आराखड्याचं मधेच दुकान केलं, वर पाचवा मजला चढवला. ठेकेदाराने नकार दिला तर मालकाने ठेकेदारच बदलला! परवानग्यांसाठी अधिकाऱ्यांचे हात ओले केल्याचं नंतर सिद्धही झालं.

अडलोय ते कॉलमपाशी. ८० सेंटिमीटरऐवजी ६० सेंटिमीटर व्यासाचे भरले. म्हणजे क्षेत्रफळ जवळजवळ ४४ टक्क्यांनी कमी. पण बीम नसलेल्या फ्लॅट स्लॅबमध्ये भार झेपेनासा झाला की कॉलम स्लॅबला भोक पाडून वर येतो, तिथे कॉलमचा परीघ आणि स्लॅबची जाडी महत्त्वाची ना? हे असं भोक पडणं, म्हणजे पंचिंग शिअर, गणित न मांडता कसं समजवायचं? श्रोते बिगर-इंजिनिअर आहेत.

दुसरं, प्लास्टर झाल्यावर अशी चोरी पकडायची कशी? रिबार लोकेटर (काँक्रीटमधल्या सळ्या शोधणारं यंत्र) आणि कोअर टेस्ट (काँक्रीटचा गोल तुकडा कापून तपासणं) माहीत आहेत, पण दोन्ही मालकाच्या परवानगीवर अडतात. सट्टेबाजीत घर ताब्यात येण्याआधीच दोनदा विकलं जातं, मग तपासणी मागायची कुणी? साइटवर काम केलेल्यांनी जरूर लिहा. पुस्तकी उत्तरं माझ्याकडे भरपूर आहेत.