शब्दचर्चा: पोलिश नावांमागचा 'हेर्ब' मराठीत कसा लिहायचा?

प्रश्न

पोलंडच्या इतिहासावरच्या एका लेखाचं भाषांतर करते आहे. त्यात उमराव मंडळींच्या नावापुढे 'हेर्बू अमुक' असं सारखं येतं. उदाहरणार्थ, १५३१ साली ओबेर्तिनची लढाई जिंकणारा सेनापती यान तार्नोव्स्की हा 'हेर्बू लेलिवा'. कोशात हेर्ब म्हणजे कोट ऑफ आर्म्स असं मिळालं, म्हणून मी 'लेलिवा कुलचिन्ह असलेला' असं केलं. पुढे कवी युलिउश स्वोवात्स्की आला, तर तोही लेलिवा! आडनावं वेगळी, दोघांत जवळजवळ तीनशे वर्षांचं अंतर. मग हे एकाच कुळातले का? नसतील, तर कुलचिन्ह एक कसं? राजमुद्रा, मानचिन्ह, बोधचिन्ह यांपैकी काही बसेल का?

उत्तर

ताई, तुमची शंका अगदी नेमक्या जागी आली आहे. तार्नोव्स्की आणि स्वोवात्स्की यांचं रक्ताचं नातं असायची काहीच गरज नाही. 'कुलचिन्ह' म्हटलं की मराठी वाचक धरून चालतो की कूळ आधी आणि चिन्ह त्याच्या मालकीचं. पोलंडमध्ये गाडी उलटी आहे. हेर्ब एक आणि त्याच्याखाली वेगवेगळ्या आडनावांची कितीतरी घराणी.

इंग्लंड-फ्रान्सकडे ढालीवरचं चिन्ह एका माणसाचं किंवा एका वंशाचं असतं. इंग्लंडात तर धाकट्या मुलांनी त्यात एखादी खूण घालून आपलं चिन्ह वेगळं करायचं, अशीही पद्धत आहे. पोलंडच्या उमराव वर्गात, म्हणजे श्लाख्तामध्ये, असलं काही रुजलं नाही. शेकडो गावांचा धनी आणि स्वतःचं शेत स्वतः नांगरणारा गरीब श्लाख्ता यांची ढाल हुबेहूब एकच असू शकते. आपल्या वाडीतला श्लाख्ता हा व्होयेवोदाच्या, म्हणजे प्रांताच्या सुभेदाराच्या, बरोबरीचा, अशी त्यांची जुनी म्हणच आहे. हा वर्ग लोकसंख्येच्या आठ ते दहा टक्के मानला जातो, युरोपच्या मानाने फारच मोठा. बरोबरीचा हा आग्रह त्या ढालींवर दिसतो, आणि भाषांतरात तो पुसला जाऊ नये असं मला मनापासून वाटतं.

हेर्ब हा शब्द मुळात जर्मन 'एर्ब', म्हणजे वारसा, यावरून चेक भाषेमार्गे आला. पोलिशमध्ये त्याचे दोन अर्थ चालतात: ढालीवरचं चित्र, आणि ते चित्र वापरणाऱ्या सगळ्यांचा गट. या गटाला रुद हेर्बोवी म्हणतात. बऱ्याच हेर्बांना जी नावं आहेत ती मुळात युद्धातल्या आरोळ्या. पोलिश शब्द झावोवान्ये. यासाठी 'ललकारी' हा आपला शब्द मला एकदम पसंत आहे. रणांगणात ज्या ललकारीवर माणसं एकत्र जमायची तेच पुढे ढालीचं नाव झालं.

गट कसा फुगत गेला याचा सर्वांत ठळक दाखला म्हणजे होरोद्वोचा करार, २ ऑक्टोबर १४१३. पोलंड आणि लिथुआनिया यांचं नातं पक्कं करताना ४७ पोलिश गटांनी लिथुआनियाच्या ४७ बोयार, म्हणजे तिथल्या उमराव, घराण्यांना आपापल्या हेर्बात घेतलं. विल्नोच्या (आजचं विल्नियस) मोनिविदला लेलिवा मिळाला, गोश्ताउतास घराण्याला आब्दांक. भाषा वेगळी, रक्त वेगळं, ख्रिस्ती होऊन जेमतेम पंचवीस वर्षं झालेली, आणि ढाल एक. आता 'कुलचिन्ह' म्हणून बघा, वाक्य उभं राहत नाही.

तुमच्या बाकीच्या पर्यायांबद्दल थोडक्यात. मानचिन्ह सत्कारात देतात, बोधचिन्ह संस्थेचं किंवा स्पर्धेचं असतं. 'मुद्रा' त्यातल्या त्यात जवळची, कारण पोलंडमधले सर्वांत जुने हेर्ब मोहरांच्या ठशांवरच सापडतात. पण राजमुद्रा म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढे 'प्रतिपच्चंद्रलेखेव' हा श्लोक येतो. हेर्बाच्या ढालीवर चित्र असतं, मजकूर नसतो.

आणखी एक प्रतिसाद

मग 'देवक' का नको? मराठ्यांमध्ये वेगवेगळ्या आडनावांची घराणी एकच देवक सांगतात. कळंब, मोरपीस, पंचपल्लव वगैरे. एक खूण आणि खाली अनेक आडनावं हा भाग तर तंतोतंत जुळतो.

उत्तर

रचना समजावून सांगायला देवकासारखं उदाहरण नाही. तळटीप द्यायची असेल तर जरूर वापरा. मजकुरात मात्र नको. देवक पूजेचं असतं, लग्नात त्याची स्थापना होते, आणि एकाच देवकाच्या घरांत सोयरीक टाळतात. हेर्बाला यातलं काही नाही. एका हेर्बाची दोन घराणी खुशाल व्याही होत. उलट हेर्बाला कचेरीत वजन होतं, ते देवकाला नव्हतं.

हे कचेरीचं प्रकरण जरा सविस्तर सांगतो, कारण शब्दाचा अर्थ तिथेच उघडा पडतो. एखाद्याच्या उमरावपणावर कोणी आक्षेप घेतला की त्याला नागाना म्हणत. ज्याच्यावर आक्षेप आला त्याने साक्षीदार उभे करायचे: साधारणपणे दोन बापाच्या गटातले, दोन आईच्या, दोन आजीच्या. साक्षीदाराने शपथेवर सांगायचं की हा आमचा रक्ताचा, आमचा हेर्ब अमुक आणि आमची ललकारी तमुक. मध्ययुगातल्या कित्येक हेर्बांची जुनी वर्णनं अशा खटल्यांच्या नोंदींमुळेच टिकली. इतिहासकार यान द्वुगोश यांच्या नावावर असलेली हेर्बांची जुनी यादीही १५व्या शतकातली. स्वतः द्वुगोश व्येन्यावा हेर्बाचे, रानगव्याच्या डोक्याचं चित्र असलेल्या.

मूळ प्रश्नकर्ती

म्हणजे शब्द 'हेर्ब' असाच ठेवू? आणि त्यांच्या नावांचं काय? तोपुर म्हणजे कुऱ्हाड, तर 'कुऱ्हाड हेर्ब' लिहिलं तर वाचकाला चित्र तरी दिसेल.

उत्तर

हो, हेर्ब तसाच ठेवा, पहिल्यांदा येईल तिथे एका वाक्यात समजावून द्या. फक्त चित्राबद्दल बोलायचं तर 'ढालचिन्ह' लिहा. 'हेर्बू' हे षष्ठीचं रूप आहे, म्हणून 'लेलिवा हेर्बाचा यान तार्नोव्स्की'. आपण 'वसिष्ठ गोत्राचा' म्हणतो तसं हे सहज वाचलं जातं.

नावांचं भाषांतर मात्र करू नका. तोपुरला कुऱ्हाड म्हणाल, पण लेलिवाचं काय करणार? तिथे निळ्या ढालीवर सोनेरी चंद्रकोर आणि सहा टोकांची चांदणी आहे, आणि नावात यातलं काहीच नाही. श्लेपोव्रोन तर सापळाच आहे. शब्द फोडला तर 'आंधळा डोमकावळा'. आजच्या पोलिशमध्ये मात्र श्लेपोव्रोन हे रातबगळ्याचं नाव. चित्रात काय? घोड्याचा नाल, त्यावर क्रूस, आणि क्रूसावर चोचीत अंगठी धरलेला काळा डोमकावळा. कोश बघून कोणी 'रातबगळा हेर्ब' लिहिलं तर वाचक बगळा शोधत बसेल. (अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात पडलेला काझिमिर पुवास्की याच हेर्बाचा.)

येलिता हे दुसरं उदाहरण. शब्दाचा अर्थ आतडी, आणि लाल ढालीवर तीन सोनेरी भाले एकमेकांवर आडवे. आख्यायिका अशी: १३३१ साली प्वोव्त्सेच्या लढाईनंतर राजा व्लादिस्लाव वोक्येतेक रणभूमीवर फिरत होता. फ्लोरियान शारी नावाचा योद्धा भाल्यांनी पोट फाटून पडलेला, आतडी हातांनी आत ढकलत होता. राजा म्हणाला, केवढं सोसतोय हा. फ्लोरियान म्हणाला, वाईट शेजाऱ्याचा जाच याहून जास्त दुखतो. राजाने तो शेजारी कायमचा दूर करायचं वचन दिलं, आणि फ्लोरियान जगला. झामोयस्की घराणं याच हेर्बाचं. 'हे कमी दुखतं' हे त्यांचं ब्रीद तिथूनच आलं. ही गोष्ट इतिहास म्हणून देऊ नका, पण द्या जरूर. तिच्यावाचून 'आतडी' आणि 'भाले' यांची सांगड लागत नाही.

मूळ प्रश्नकर्ती

लेखात क्लेयनोत असाही शब्द आहे. एकदा त्याचा अर्थ हेर्बच वाटतो, एकदा शिरस्त्राणावरचं काहीतरी.

उत्तर

दोन्ही बरोबर. क्लेयनोत म्हणजे रत्न. जुन्या पोलिशमध्ये तो हेर्बालाच म्हणत, आणि ढालीच्या वर शिरस्त्राणावर जे उभं असतं त्यालाही. या दुसऱ्या अर्थाला 'शिरपेच' घ्या. पागोट्यावरचा रत्नजडित दागिना: रत्न आणि डोकं दोन्ही एका शब्दात आली. लेलिवाचा शिरपेच मोराच्या पिसाऱ्याचा, त्यावर पुन्हा तीच कोर आणि चांदणी. 'तुरा'ही वाईट नाही, पण यास्त्शेंब्येत्स नावाच्या हेर्बात शिरस्त्राणावर अख्खा ससाणा बसलाय, त्याला तुरा कसं म्हणणार?

वर्णन करताना एक जपा. ढालचिन्हांच्या भाषेत उजवं-डावं हे ढाल धरणाऱ्याचं असतं, बघणाऱ्याचं नसतं. मूळ मजकुरात प्राणी 'उजवीकडे' वळलेला असेल तर छापील चित्रात तो आपल्या डाव्या हाताला तोंड करून दिसतो. हे एकदा सुरुवातीला सांगून टाका, नाहीतर चित्र चुकलं म्हणून पत्रं येतील.

आणखी एक प्रतिसाद

इंग्रजी कादंबरीकार जोसेफ कॉनराडचं मूळ पोलिश आडनाव कधी 'कोझेन्योव्स्की' तर कधी 'नावेंच-कोझेन्योव्स्की' असं दिसतं. हा तोच प्रकार का?

उत्तर

तोच. नावेंच हा हेर्ब: लाल ढालीवर गाठ मारलेला पांढरा रुमाल. पोलंडमध्ये आडनावं बरीचशी गावांवरून पडली, एकाच नावाची गावं अनेक, त्यामुळे एकाच आडनावाची पण एकमेकांशी संबंध नसलेली घराणीही अनेक. कोणते कोझेन्योव्स्की, हे हेर्बाने कळायचं. काही जण तो आडनावाला जोडूनच लिहीत. अशा वेळी मराठीतही जोडरेघ तशीच ठेवा. मारी क्यूरीचं माहेर स्क्लोडोव्स्की, हेर्ब दोवेंगा, पण तिच्या नावात तो जोडलेला दिसत नाही, तर आपणही जोडू नये.

आणि काळ सांभाळा. १७ मार्च १९२१च्या राज्यघटनेत प्रजासत्ताक वंशपरंपरेचे हक्क, हेर्ब आणि कुलीन पदव्या मानत नाही, असं स्पष्ट लिहिलं होतं. त्यामुळे १९२१नंतरच्या कोणाबद्दल 'लेलिवा हेर्बाचा' असं लिहिताना त्यातून पद किंवा अधिकार ध्वनित होऊ देऊ नका. तिथे 'घराण्याचा हेर्ब लेलिवा' एवढंच लिहा.