आफ्टरबर्नर आणि ॲडमिन पासवर्ड

दादाच्या लॅपटॉपवर आफ्टरबर्नर (ग्राफिक्स कार्डवर नजर ठेवणारं आणि त्याच्या सेटिंग्ज बदलणारं सॉफ्टवेअर) टाकताना ॲडमिन पासवर्ड मागतोय, तो बायपास कसा करायचा असं एकाने विचारलंय, तर त्या नादाला लागू नका राव. ते नुसते आकडे दाखवत नाही, ग्राफिक्स कार्डचं टेंपरेचर वाचायला आणि फॅनचा स्पीड बदलायला स्वतःचा ड्रायव्हर (हार्डवेअरशी बोलणारा छोटा प्रोग्रॅम) थेट विंडोजच्या गाभ्यात बसवतं, मग परवानगी लागणारच ना. मी एकदा घाईत कुठल्यातरी भलत्याच साइटवरनं "पासवर्ड न लागणारं" व्हर्जन उतरवलं होतं, गेम बंद असतानाही फॅन घोंघावत होता, शेवटी अख्खं विंडोज परत टाकलं तेव्हा कुठे शांत झालं.

फक्त एफपीएस, म्हणजे गेम सेकंदाला किती फ्रेम दाखवतोय, तेवढंच बघायचंय ना? मग गेम स्टीमवरून (गेम विकत घ्यायचं आणि चालवायचं ॲप) खेळत असाल तर त्याच्या सेटिंग्जमध्ये इन-गेममध्ये एफपीएस दाखवणारा परफॉर्मन्स मॉनिटर आहे तो चालू करा, तिथे ॲडमिनचा संबंधच नाही. विंडोज की आणि जी दाबून गेम बारही येतो, त्यात सीपीयू, रॅम लगेच दिसतं, एफपीएससाठी मात्र एकदा परवानगी देऊन रिस्टार्ट मारावा लागतो आणि तिथे परत ॲडमिन लागतोच, तेवढ्यापुरतं दादाला चहा पाजून बसवा समोर.

ओव्हरक्लॉकिंग, म्हणजे कार्ड ठरलेल्या वेगापेक्षा जास्त पळवणं, तर दुसऱ्याच्या लॅपटॉपवर नकोच.