प्रतिसाद: अहवाल दाबले, की घाईत निकाली काढले?

अमेरिकी लष्कराने उडत्या तबकड्यांचे अहवाल दाबले, असं मत मांडलं जातं; ते मला पटत नाही. अमेरिकी हवाई दलाच्या 'प्रोजेक्ट ब्लू बुक' या उडत्या तबकड्यांच्या तपास प्रकल्पाकडे १९६९पर्यंत १२,६१८ नोंदी जमल्या. त्यातल्या ७०१ चा उलगडा झाला नाही, हे हवाई दलानेच जाहीर केलंय. माझा राग आहे तो घाईवर. मार्च १९६६ मध्ये मिशिगनमध्ये दलदलीवर दिवे दिसले. या प्रकल्पाचे सल्लागार खगोलशास्त्रज्ञ हायनेक यांनी काही दिवसांतच पत्रकारांना सांगितलं, दलदलीतला वायू असावा. लोक खवळले. तिथले खासदार जेराल्ड फोर्ड (पुढे राष्ट्राध्यक्ष झाले तेच) यांनी थेट संसदीय चौकशी मागितली. पुढे खुद्द हायनेकच हवाई दलाच्या तपासपद्धतीवर सडकून टीका करू लागले.