सूरसागरच्या फोटोत मागचं धूसर केलं, पण खोटं दिसतंय

स्वाती_बडोदा
काकूंच्या साठीसाठी मोठी फ्रेम करायची आहे. फोटो मोबाईलवरचा, आडवा. काकू बडोद्याच्या सूरसागर तळ्याच्या कठड्यावर हात टेकून उभ्या, मागे तळ्यातली महादेवाची मूर्ती, पलीकडच्या काठाला दिवे. मागची गर्दी नको म्हणून गिंपमध्ये (फोटो एडिटिंगचं सॉफ्टवेअर) काकूंना सिलेक्ट करून बाकी सगळ्यावर गॉसियन ब्लर (साधा, सगळीकडे सारखा धूसरपणा) मारला. आता काकू कापून चिकटवल्यासारख्या दिसतात. साडीभोवती जांभळी झाक पसरलीय, दिवे मळकट झालेत. दादा म्हणतो, लांबून कोण बघतंय! काय करू?

निनाद
मोबाईलच्या पोर्ट्रेट मोडवर सोडा की, तो मागचं आपोआप धूसर करतो. एका बोटाचं काम.

स्वाती_बडोदा
केलं होतं. केसांच्या बटा गेल्या आणि कोपराच्या फटीतलं पाणी तसंच राहिलं.

डार्करूमवाले
आधी ती झाक. ब्लर करताना साडीचा रंग मागच्या पाण्यात कालवला जातो. म्हणून लेयरची (फोटोच्या थराची) कॉपी करा, खालच्या लेयरवरून काकूंना क्लोनने (शेजारचा भाग उचलून रंगवणाऱ्या टूलने) पुसून तिथे पाणी, कठडा भरा. गबाळं झालं तरी चालेल, ते धूसरच होणार आहे. ब्लर फक्त त्या लेयरला. कापलेल्या काकू वर.

आता खरी गोम. तुम्ही सगळ्या मागच्या भागाला सारखाच ब्लर दिलाय. भिंगातून तसं होत नाही. काकू 2 मीटरवर असतील, तर 4 मीटरवरची वस्तू अगदी लांबच्या वस्तूच्या निम्मीच धूसर होते, 8 मीटरवरची पाऊण. पुढे फारसा फरक पडत नाही. सपाट जमिनीवर हे सोपं जातं: काकूंच्या पावलांच्या रेषेपासून क्षितिजापर्यंत सरळ काळा-पांढरा ग्रेडियंट (हळूहळू बदलत जाणारा रंग; हाच कुठे किती ब्लर ते सांगणारा मास्क) ओढला की हिशेब आपोआप बरोबर बसतो. पण तो उभ्या वस्तूंवर चढवू नका! दिव्याचा खांब जिथे जमिनीला टेकतो तिथला ब्लरच त्याला वरपर्यंत. मूर्ती 111 फुटी असली तरी पायथा आणि माथा सारखेच धूसर. लोक इथेच फसतात.

हा मास्क लेन्स ब्लरला द्या, गॉसियनला नाही. उलटं झालं, म्हणजे जवळचंच जास्त धूसर झालं, तर मास्क इन्व्हर्ट करा (काळं-पांढरं उलटवा). गॉसियन दिवा विरघळवतो, भिंग त्याची स्वच्छ कडेची चकती करतं. मोबाईलने दिव्यांचा उजेड आधीच छाटलेला असतो, म्हणून लेन्स ब्लरमधलं हायलाइट (उजळ भागांची चमक) वाढवा.

किती ब्लर? साध्या क्रॉप सेन्सरच्या (फुल फ्रेमहून लहान सेन्सरच्या) कॅमेऱ्यावर 50 मिमी एफ 1.8 लेन्स पूर्ण उघडी असती, तर लांबच्या दिव्याची चकती फोटोच्या रुंदीच्या 3 टक्के आली असती. 4000 पिक्सेल रुंदीला 120 पिक्सेलची चकती, म्हणजे रेडियस (त्रिज्या) 60. याहून जास्त ओढायचा मोह होतोच, आवरा. शेवटी धूसर भागावर थोडं नॉइज (बारीक दाणे) टाका. काकूंवर दाणे आणि मागे गुळगुळीत, हे प्रिंटमध्ये लगेच डोळ्यात येतं.

स्वाती_बडोदा
बरंच जमलं! दिवे तर मस्तच. पण हाताजवळचा कठडा अजून खटकतो.

डार्करूमवाले
कठडा काकूंच्या अलीकडे, कॅमेऱ्याकडेही येतोय ना? मग हातापाशी शून्य ठेवून दोन्ही बाजूंना ब्लर वाढवत न्या. आणि हाताची कठड्यावरची सावली खालच्या लेयरवर राहिली असेल, ती काकूंच्या लेयरवर आणा.

स्वाती_बडोदा
सावलीच होती. फाइल प्रिंटला पाठवतेय.